गुकेशने चौथीनंतर शाळा सोडली, मग आमच्या भाच्याने सहावीत का नाही?

गेले काही दिवस कुडाळ-सावंतवाडीकडच्या निम्म्याअधिक ग्रुपांवर एक फॉरवर्ड फिरतोय. 'गुकेशच्या आईवडिलांनी दाखवलं ते धाडस तुम्ही कधी दाखवणार?' असं ठळक शीर्षक, खाली ग्रँडमास्टरांबद्दलची (बुद्धिबळातला सर्वोच्च किताब मिळवलेल्यांबद्दलची) काही 'सत्यं' आणि तळाला एका बुद्धिबळ अ‍ॅकॅडमीचा फोन नंबर. मी तो आला की पुसत होतो. पण वेंगुर्ल्याहून धाकट्या बहिणीचा फोन आला, "दादा, ह्या वाचलंस मां? झिलाक आता शाळेत कित्याक धाडूचा?" झील म्हणजे तिचा मुलगा, सहावीत आहे. फिडेचं, म्हणजे जागतिक बुद्धिबळ संघटनेचं, रेटिंग (खेळाच्या ताकदीचा आकडा) साडेचौदाशेच्या आसपास, आणि वजीर वाचवायच्या नादात अजून घड्याळ दाबायला विसरतो. तेव्हा आता लिहिणं भाग आहे.

पहिलं 'सत्य' असं: गुकेशने चौथीनंतर शाळा सोडली आणि अठराव्या वर्षी जगज्जेता झाला, म्हणजे शाळा हाच मुख्य अडथळा. निम्मी गोष्ट खरी आहे, ती नाकारून चालणार नाही. चौथीनंतर तो नियमित शाळेत गेला नाही आणि १२ डिसेंबर २०२४ रोजी सिंगापूरला डिंग लिरेनला साडेसात-साडेसहा असं हरवून जगज्जेता झाला. पण मधलं 'म्हणजे' कुठून आलं? २०१५ मध्येच हा मुलगा आशियाई शालेय स्पर्धेत नऊ वर्षांखालच्या गटात पहिला आला होता. वडील कान-नाक-घशाचे सर्जन. मुलासोबत स्पर्धांना फिरता यावं म्हणून त्यांनी प्रॅक्टिस बाजूला ठेवली आणि घर आईच्या पगारावर चाललं. आई सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ. तेवढ्यानेही भागेना तेव्हा मित्रमंडळींनी हात दिला. यातलं एक अक्षर फॉरवर्डमध्ये नाही. आमच्या मेव्हण्यांची थोडी काजूची कलमं आणि एक टेम्पो आहे. तो टेम्पो दारात उभा करून ते पोराबरोबर युरोपात हिंडणार आहेत का? आणि पोरगं पंधराव्या वर्षी अठराशे रेटिंगवर अडकलं, तर दहावीचा फॉर्म कोण भरणार? अ‍ॅकॅडमीवाले?

लगेच पुढे ठोकून दिलंय की 'एकही मोठा ग्रँडमास्टर पदवीधर नाही'. १९८८ मध्ये भारताचा पहिला ग्रँडमास्टर झालेला आनंद चेन्नईच्या लोयोला कॉलेजचा बी.कॉम. आहे. १९३५ मध्ये जगज्जेता झालेला मॅक्स यूवे गणिताचा शिक्षक होता, पुढचा एक जगज्जेता बोट्विनिक विद्युत अभियंता. इतकं मागे जायचं नसेल तर प्रज्ञानंदचं बघा. मे २०२२ मध्ये एका मोठ्या ऑनलाइन स्पर्धेच्या उपांत्य फेरीत त्याने अनीश गिरीला हरवलं तेव्हा आपल्याकडे रात्रीचे दोन वाजले होते, आणि सकाळी पावणेनऊला त्याला शाळेत हजर व्हायचं होतं. अकरावीची परीक्षा चालू होती! पोराला दाखवायचाच असेल तर हा किस्सा दाखवा की.

मग येते अ‍ॅकॅडमीची खरी मेख: 'योग्य मार्गदर्शनाने तीन वर्षांत ग्रँडमास्टर'. हा किताब फिडे देते आणि तिचे नियम कुणालाही वाचता येतात. रेटिंग २५०० पर्यंत न्यावं लागतं. शिवाय नॉर्म, म्हणजे ठरावीक दर्जाच्या स्पर्धेत ठरावीक दर्जाचा खेळ केल्याची नोंद, लागतात, सर्वसाधारणपणे तीन, सगळे मिळून किमान २७ डावांचे. प्रत्येक नॉर्मला २६०० च्या तोडीचा खेळ दिसावा लागतो, समोरच्यांचं सरासरी रेटिंग किमान २३८० असावं लागतं आणि त्यांतले किमान एक तृतीयांश स्वतः ग्रँडमास्टर असावे लागतात. कणकवलीच्या हॉलमध्ये दर रविवारी ढाल जिंकलात तरी समोर ग्रँडमास्टरच बसलेला नसेल तर नॉर्म कसला? आमच्या शेजारच्याच गोव्याचा लिऑन मेंडोंसा मार्च २०२० मध्ये वडिलांसोबत हंगेरीत होता. लॉकडाऊनमध्ये तिथेच अडकला, महिनोन्महिने युरोपात स्पर्धा खेळत राहिला आणि वर्षाच्या शेवटी इटलीत त्याचा तिसरा नॉर्म झाला. ही वाट वेंगुर्ल्यातल्या शिकवणीतून जात नाही. १९८८ ते २०२५ या सदतीस वर्षांत नागपूरची दिव्या देशमुख ही भारताची ८८वी ग्रँडमास्टर. हल्ली वेग वाढलाय हे खरं, पण तीन वर्षांत हमखास? असल्या हमीवर आम्ही कलमाचं रोपसुद्धा घेत नाही.

'पाचव्या वर्षाआधी सुरुवात नाही तर काहीच नाही' याला फार शाई घालवत नाही. गुकेश स्वतः सातव्या वर्षी पट शिकला. महाराष्ट्राचे पहिले ग्रँडमास्टर प्रवीण ठिपसे १९९७ मध्ये किताब मिळवताना पस्तिशी ओलांडून गेले होते.

सगळ्यात कहर म्हणजे 'ग्रँडमास्टर एका दिवसात ६००० कॅलरी जाळतो, म्हणून मुलाला आमची ब्रेन पावडर द्या'. बहिणीने डबा मागवलाय. वर आजी तुपाचे लाडू भरवतेय. पोराची हालचाल काय, तर बोट मोबाईलवर सरकवणं. हा सहा हजारांचा आकडा २०१९ मध्ये एका अमेरिकन क्रीडावाहिनीच्या लेखातून जगभर गेला, स्टॅनफर्डच्या एका शास्त्रज्ञाचं नाव लागलं म्हणून लोकांनी डोळे झाकून पुढे ढकलला. विश्रांतीत शरीर जेवढी ऊर्जा वापरतं तिचा साधारण पाचवा हिस्सा मेंदू घेतो, म्हणजे दिवसाला तीन-चारशे कॅलरी. पटावर डोकं खाजवलं म्हणून ती दहा-वीसपट होत नाही. भल्या पहाटेपासून किनाऱ्यावर रापण (मासेमारीचं मोठं जाळं) ओढणाऱ्या गड्यालाही सहा हजार लागत नसतील, तर खुर्चीत बसलेल्याला कशाला? हां, मोठ्या लढतींत खेळाडू वाळतात, हे कबूल. १९८४-८५ च्या कास्पारोवविरुद्धच्या जगज्जेतेपदाच्या लढतीत कार्पोवचं वजन दहाएक किलोंनी उतरल्याचं सांगतात. पण ती लढत पाच महिने चालली, ४८ डाव झाले आणि निकाल न लागताच थांबवावी लागली. त्या ताणात झोप उडते, जेवण जात नाही. त्यावर पावडर हा उपाय नव्हे, आणि सहावीतल्या मुलाला तर मुळीच नको.

राहिला पैसा. गुकेशला त्या लढतीचे अकरा कोटींच्या वर मिळाले, खरं आहे. पण जगज्जेतेपदाच्या पटावर खुर्च्या दोनच असतात. तेल कंपन्या आणि रेल्वेने बुद्धिबळपटूंना नोकऱ्या दिल्या आहेत, हेही मान्य. 'प्रत्येक ग्रँडमास्टरला फिडेकडून आजन्म पेन्शन' हे मात्र शुद्ध थाप. आजन्म राहतो तो किताब, आणि त्याच्या अर्जाबरोबर उलट फिडेलाच शुल्क भरावं लागतं.

शेवटी त्या तळाच्या नंबरावर फोन लावला. तुमच्या किती मुलांना आजवर एक तरी नॉर्म मिळालाय, एवढंच विचारलं. पलीकडच्या बाई म्हणाल्या, "सरांना विचारून कळवते." फी मात्र त्यांना तोंडपाठ होती, आणि पावडरचा डबा त्यात धरलेला नाही, हेही त्यांनी न विचारता सांगितलं.