बिछान्यावरचा तो बाप

तुमचा लेख आवडला, पण त्यात 'इन्सेप्शन' चित्रपटामधला बिछान्याला खिळलेला बाप 'कुणीतरी म्हातारा नट' म्हणून उरकलात, ते खटकलं. अहो, तो ब्रिटिश नट पीट पॉसलथ्वेट! 2010 साली चित्रपट आला तेव्हा हा माणूस कर्करोगाशी झुंजत होता, जानेवारी 2011 मध्ये गेलाच. 'द युजुअल सस्पेक्ट्स'मधला कोबायाशी वकीलही तोच. नाव जपानी, उच्चार मात्र जरा आपल्याकडचे!

'इन द नेम ऑफ द फादर' (1993) जमलं तर पुन्हा बघा. त्यात तो डॅनियल डे-लुईसचा बाप आहे. दोघांच्या वयात अंतर जेमतेम अकरा वर्षांचं, पण एकदाही शंका येत नाही. खांदे पडलेले, आवाज कधी चढत नाही, आणि मुलगा चिडला की नुसतं बघत राहणं. सहाय्यक अभिनेत्याचं ऑस्कर नामांकन मिळालं, बाहुली काही मिळाली नाही.

आणि 'ब्रास्ड ऑफ'! खाण बंद पडतेय, फुफ्फुसं कोळशाने खलास, तरी खाणकामगारांचा बँड वाजलाच पाहिजे म्हणणारा डॅनी. तिथे मात्र तो सहाय्यक वगैरे नाही, चित्रपट त्याच्याच खांद्यावर आहे. लंडनच्या अल्बर्ट हॉलमधलं त्याचं भाषण मी मागे नेऊन तीनदा ऐकलं. बायको म्हणाली, आता जेवायला या.