‘ते’ म्हणजे किती जण?

गेल्या उन्हाळ्यात सोलापूरला आलो असताना नवी पेठेतल्या एका दुकानातून मी डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांचे मुलांसाठी लिहिलेले चरित्र विकत घेतले. बत्तीस पानांची, पिना मारलेली पुस्तिका. श्टुटगार्टला परतल्यावर माझ्या नऊ वर्षांच्या मुलीने ती वाचायला घेतली आणि ‘ते लहानपणापासूनच अतिशय बुद्धिमान व सेवाभावी होते’ या वाक्यापाशी थांबून विचारले, “बाबा, ते किती भाऊ होते?”

तिचे मराठी घरात बोलण्यापुरते आहे, पण कच्चे नाही. आजोबांना ‘अहो’ म्हणायचे असते हे तिला कळते, आणि बाईंशी जर्मनमध्ये बोलताना आदराचे सर्वनामही ती बरोबर वापरते. परंतु समोर नसलेल्या माणसाविषयी, त्यातही दहा वर्षांच्या मुलाविषयी, अनेकवचनात बोलायचे असते हे तिच्या दुसऱ्या भाषेने तिला कधी शिकवलेलेच नाही.

आपल्याकडे एकेरी उल्लेखावरून अधूनमधून वादळ उठते. कुणी पुढारी किंवा नट एखाद्या थोर व्यक्तीचे नाव उपाधीशिवाय घेतो, त्यावर निषेध होतात, आणि दोन दिवसांत दिलगिरी व्यक्त होते. दूर बसून हे वाचताना मला पूर्वी हसू येत असे. या वादाची खरी झळ सभा-संमेलनांना बसत नाही, ती मुलांच्या पुस्तकांना बसते, हे मात्र त्या पुस्तिकेने लक्षात आणून दिले. लिहिणारा आधीच सावध असतो, त्यामुळे त्याचा नायक पाळण्यातच आदरणीय होतो, आणि जो पाळण्यातच आदरणीय झाला तो पुढे काय शिकणार, कशाला घाबरणार आणि कुठे चुकणार?

कोटणीसांच्या बाबतीत ही हानी फार मोठी आहे, कारण त्यांच्या आयुष्यात मुलांना धरून ठेवील असे कितीतरी आहे. १० ऑक्टोबर १९१० रोजी सोलापुरात जन्मलेला हा मुलगा मुंबईत डॉक्टर झाला आणि १९३८ साली, वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी, पाच डॉक्टरांच्या भारतीय वैद्यकीय पथकाबरोबर बोटीने युद्धग्रस्त चीनला गेला. तिथे असतानाच घरून वडील गेल्याची बातमी आली, तरी तो परतला नाही. चिनी भाषा तो तिथेच शिकला. बाकीचे चौघे पुढे मायदेशी आले, हा मागे राहिला, आघाडीजवळच्या बेथून रुग्णालयाचा प्रमुख झाला, आणि क्वो छिंगलान या परिचारिकेशी त्याने लग्न केले. दोघांनी मुलाचे नाव ठेवले यिनहुआ, म्हणजे एका नावात भारत आणि चीन. अपस्माराच्या झटक्याने ९ डिसेंबर १९४२ रोजी तो गेला तेव्हा बाळ जेमतेम साडेतीन महिन्यांचे होते. मृत्यूच्या काही महिने आधी तो चिनी कम्युनिस्ट पक्षाचा सभासद झाला होता. मी आणलेल्या पुस्तिकेत हे शेवटचे वाक्य नाही, अपस्मार नाही आणि बाळाच्या नावाचा अर्थही नाही. त्याऐवजी ‘मानवतेचे महान पुजारी’ हा शब्दप्रयोग तीनदा आहे. माझ्या मुलीने विचारलेला दुसरा प्रश्न असा होता की चिनी बोलता येत नव्हते तोवर रुग्णाला कुठे दुखते हे त्याला कसे कळत असेल. या प्रश्नाला पुस्तिकेत जागाच नव्हती.

हे सारे मी आबांना फोनवर सांगितले. आबा म्हणजे माझे वडील, निवृत्त शिक्षक आहेत. त्यांनी शांतपणे ऐकून घेतले आणि म्हणाले, “तुझ्या आजोबांना मिलमध्ये जॉबरपासून कारकुनापर्यंत सगळे अरे-तुरे करायचे. साठी जवळ आली तरी. ज्यांना जन्मभर ‘ए’ अशी हाक मिळाली, त्यांच्या पोरांना विचार त्या ‘ते’ची किंमत. तुला तिकडे फुकट मिळालंय, म्हणून तुला ते सोडून देता येतं.”

माझे हसू थांबले ते या बोलण्यामुळे. जातीवरून आणि कामावरून माणसाला एकेरीत काढण्याची आपली जुनी रीत आहे, आणि तिच्याविरुद्ध लढून मिळवलेले आदरार्थी बहुवचन कुणी परदेशातून व्याकरणाची अडचण सांगून मागे घ्या म्हणू नये. मोठ्या माणसाला ‘ते’ म्हणावे, याबद्दल माझी तक्रार नाही. माझे म्हणणे फक्त त्याच्या बालपणापुरते आहे.

इथे जर्मनीत सारे आदर्श आहे असेही नाही. २०१३ साली याच शहरातल्या एका प्रकाशनाने ओटफ्रीड प्रॉयस्लर यांच्या छोट्या चेटकिणीच्या जुन्या गोष्टीतला कृष्णवर्णीयांविषयीचा अपमानास्पद शब्द काढायचे ठरवले, तेव्हा जर्मन वर्तमानपत्रांतही शब्दांवरून हातघाईची लढाई झाली होती. मात्र त्या भांडणात, तो शब्द वाचताना वर्गातल्या एखाद्या काळ्या मुलाला काय वाटेल, हा मुद्दा वारंवार पुढे आला. आपल्या एकेरीच्या वादात वाचणारे मूल मला कधी भेटलेले नाही.

आणखी एक गोष्ट रोज शाळेच्या वाटेवर दिसते. नाझी राजवटीत मारल्या गेलेल्यांच्या घरांसमोर फरसबंदीत हातभर लांबीचेही नसलेले, तळहाताएवढे पितळी दगड बसवलेले आहेत. ‘इथे राहत होता’ अशी सुरुवात, मग नाव, जन्मसाल, पुढे काय झाले ते. मुले उकिडवी बसून ते वाचतात आणि वयाचा हिशेब करतात. आमच्या सोलापुरात मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन यांना १९३०च्या मार्शल लॉनंतर, १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात फाशी झाली. चार समाजांतले हे चौघे. मी लहानपणी त्यांच्याविषयी जे वाचले त्यात चौघांचे मिळून एकच ‘ते’ होते, कोण काय करत होता हे वेगळे कळलेच नाही, आणि त्यांचे पुतळे असलेला ‘चार पुतळा’ चौक हा रिक्षावाल्याला सांगायचा पत्ता होऊन गेला.

आबांना मी जिल्ह्यातलाच दाखला दिला. पंढरपूरच्या देवाला सगळी वारी ‘तू’ म्हणते आणि त्यात कुणाला त्याचा अवमान दिसत नाही. “देवाचं वेगळं,” आबा म्हणाले, पण थोडे थांबून म्हणाले.

शेवटी मी पेन्सिल घेऊन पुस्तिकेतल्या पहिल्या सहा पानांवरचे ‘ते’ खोडून ‘तो’ केले. आबांना हे अर्धेमुर्धे पटले आहे. ‘तो’चा ‘ते’ कुठे करायचा, यावर मात्र आजोबा-नातीचे अजून एकमत नाही. आबांच्या मते मुंबईला बोटीत पाऊल ठेवले तिथून. ती म्हणते, चिनी यायला लागल्यावर.