पहिलं कोण, आणि पाटीवर कोण

मे महिना लागला की आमच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर फाळके विरुद्ध तोरणे सुरू होतं: पहिला भारतीय चित्रपट कोणाचा? आम्ही नाशिकचे, म्हणजे त्र्यंबकेश्वरात जन्मलेल्या फाळक्यांचे हक्काचे पाठीराखे. बायकोचं माहेर मालवणचं, आणि दादासाहेब तोरणे तिकडचे. मेहुणा तारखा फेकतो: 'श्री पुंडलिक' १८ मे १९१२, 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३, दोन्ही गिरगावातल्या त्याच कॉरोनेशन थिएटरमध्ये, मग वाद कसला? आमच्याकडचं उत्तर ठरलेलं: 'पुंडलिक' हे नाटकाचं चित्रण, कॅमेऱ्यामागे गोरा माणूस, निगेटिव्ह धुतली लंडनला.

हे मी अमेरिकेत, मेम्फिसमध्ये बसून वाचतो. इथेही असलंच भांडण आहे, रॉक अँड रोलचं पहिलं गाणं कोणतं याचं, फक्त ते बघायला तिकीट लागतं.

७०६, युनियन अव्हेन्यू. देशाहून पाहुणे आले की त्यांना गायक एल्व्हिस प्रेस्लीच्या घराबरोबर हा एका खोलीचा ध्वनिमुद्रणाचा स्टुडिओही दाखवावा लागतो. एल्व्हिस इथे पोचण्याआधी, मार्च १९५१ मध्ये, मिसिसिपीतल्या क्लार्क्सडेलहून काही काळी पोरं मोटारीत वाद्यं कोंबून इथे आली. म्होरक्या आइक टर्नर, वय १९. (पुढे बायकोला, म्हणजे गायिका टीना टर्नरला, मारहाण करणारा तोच. त्याच्याबद्दल मला फार प्रेम नाही.) वाटेत गिटारचा अ‍ॅम्प्लिफायर खराब झाला. गाडीवरून पडला म्हणतात, पावसात भिजला असंही म्हणतात. स्पीकरचा आतला पडदा फाटलेला. स्टुडिओवाल्या सॅम फिलिप्सने त्यात कागद कोंबला आणि म्हणाला, वाजवा. त्यातून जो घोगरा, फाटका आवाज निघाला तो त्याने झाकला नाही, उलट पुढे आणला. गाणं होतं 'रॉकेट ८८', ओल्ड्समोबिलच्या नव्या मोटारीची तारीफ. जूनमध्ये ते कृष्णवर्णीयांच्या गाण्यांच्या यादीत पहिलं आलं. रॉक अँड रोलची पहिली तबकडी ती हीच, असं फिलिप्स शेवटपर्यंत सांगायचा. न्यू ऑर्लीन्सवाले फॅट्स डॉमिनोचं १९४९ चं गाणं काढतात. खुद्द टर्नर म्हणे, हे रॉक अँड रोल नव्हेच, साधं रिदम अँड ब्लूज आहे. चालही कोरी नव्हती, जिमी लिगिन्सच्या 'कॅडिलॅक बूगी'वर बेतलेली.

पण मला खटकते ती तबकडीवरची पाटी. शिकागोच्या चेस कंपनीने तिच्यावर छापलं: 'जॅकी ब्रेन्स्टन आणि त्याचे डेल्टा कॅट्स'. या नावाचा वाद्यवृंदच नव्हता! ब्रेन्स्टन हा टर्नरच्या 'किंग्ज ऑफ रिदम'मधला सॅक्सोफोनवाला, हे गाणं गायला म्हणून नाव त्याचं. त्यानेही हक्क ९१० डॉलरला फिलिप्सला विकले म्हणतात, आणि काही वर्षांनी पुन्हा टर्नरच्याच हाताखाली सॅक्सोफोन वाजवायला उभा राहिला. ज्याच्या फाटक्या स्पीकरची गोष्ट सगळे सांगतात तो गिटारवाला विली किझार्ट. माझ्या पाहुण्यांपैकी एकालाही ते नाव बाहेर पडेपर्यंत आठवत नाही.

इथे राहून आमच्या नाशिकी युक्तिवादावरचा माझा विश्वास उडत चाललाय. लंडनला निगेटिव्ह धुतली म्हणून तोरणे बाद, तर फाळक्यांचा कॅमेराही लंडनहूनच आणलेला. आणि दादरच्या घरी फाळक्यांची फिल्म धुणारी, कोऱ्या फिल्मच्या कडेला भोकं पाडणारी, वर सगळ्या मंडळींचा स्वयंपाक करणारी कोण? त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई. पहिलेपणाचं भांडण शंभर वर्षं चाललं, त्यात बाईंचं नाव दोन्ही पक्षांकडून आलेलं मी तरी ऐकलं नाही.

परवा ग्रुपवर तेवढंच लिहिलं. मालवणहून मिनिटात उत्तर आलं, ''भावजी, विषय बदलू नका.'' त्याखाली पहिला अंगठा माझ्या सख्ख्या काकांचा.