आत्याची दुसरी पेन्शन आणि अमेरिकेतून उडत आलेली दोन-तृतीयांश कपात

गेल्या रविवारी कर्वेनगरला आत्याकडे गेले, तर टेबलावर एक पत्र लिहून तयार होतं. फुलस्केप कागद, समास सोडलेला, जिल्हा परिषदेच्या शाळेत एकतीस वर्षं फळ्यावर लिहून कमावलेलं टपोरं अक्षर. "मा. शाखा व्यवस्थापक यांस, मला माझे स्वतःचे निवृत्तिवेतन मिळत असल्याने पतीच्या पश्चात मिळणारे कुटुंब निवृत्तिवेतन मी स्वखुशीने सोडत आहे." खाली फक्त सही राहिली होती.

स्वखुशीने! चेहरा तर असा, की जणू कोणी तिला चोरी करताना पकडलंय.

काका खडकीच्या अॅम्युनिशन फॅक्टरीत होते, म्हणजे केंद्र सरकारचे नोकर. त्यांना जाऊन चार वर्षं झाली. तेव्हापासून आत्याला स्वतःची राज्याची पेन्शन आणि काकांची फॅमिली पेन्शन अशा दोन रकमा जमा होतात. त्यात गैर काय, हे तिला कोणी विचारलं नव्हतं. भजनी मंडळाच्या ग्रुपवर एक मेसेज आला आणि तिची झोप उडाली. "अगं, आपण चार वर्षं सरकारचे पैसे खातोय की काय?" हे ती मला विचारत होती. चहा गाळायचाही विसरली.

मेसेज लांबलचक आहे. वर दोन तिरंगे, खाली हात जोडलेले, "प्रत्येक ग्रुपवर पाठवा" अशी आज्ञा. सार असं: एका व्यक्तीला एकच सरकारी पेन्शन, दोन असतील तर मोठी असेल तेवढीच. स्वतःची सरकारी पेन्शन असेल तर तिच्या दोन-तृतीयांश एवढी रक्कम जोडीदाराच्या पेन्शनमधून कापणार. ६२ वर्षं पूर्ण होताच हे आपोआप लागू. विधवेचं उत्पन्न ९,००० च्या वर गेलं की फॅमिली पेन्शन बंद. नवऱ्याने विकलेल्या (म्हणजे काही भाग आधीच एकरकमी उचललेल्या) पेन्शनचा हप्ता बायकोकडून वसूल. आणि कळस म्हणजे, ३० नोव्हेंबरच्या आत एक पेन्शन लेखी सोडली नाही तर पहिल्या दिवसापासूनची रक्कम व्याजासकट परत घेणार. परिपत्रकाचा क्रमांक नाही, तारीख नाही, कुठल्या खात्याचं आहे तेही नाही.

मी स्वतः हिशेबाच्या कामात आयुष्य काढलंय. त्यामुळे माझी नजर आधी त्या दोन-तृतीयांशावर गेली. हा आकडा आपला नाहीच. आपल्याकडे पेन्शनमध्ये ५० टक्के ऐकाल, ३० टक्के ऐकाल, पेन्शन विकताना ४० टक्के ऐकाल. दोन-तृतीयांश? आणि ते ६२ कुठून आलं? राज्यात बहुतेकांचं निवृत्तीचं वय ५८, केंद्रात ६०. बासष्टीला आपल्या पेन्शनच्या नियमांत काहीच होत नाही.

होतं ते अमेरिकेत. तिकडच्या सोशल सिक्युरिटीत, म्हणजे सरकारी निवृत्ती योजनेत, वयाच्या ६२ पासून निवृत्तीची रक्कम घेता येते, आणि १९६० किंवा नंतर जन्मलेल्यांना पूर्ण रक्कम ६७ व्या वर्षी मिळते. तिथे नवरा-बायको दोघेही हयात असताना जोडीदाराच्या कमाईच्या आधारे एक लाभ मिळतो, जास्तीत जास्त त्याच्या पूर्ण रकमेच्या निम्मा. पण तो स्वतःच्या रकमेवर जसाच्या तसा चढत नाही. आधी तुमची स्वतःची रक्कम देतात, जोडीदाराची मोठी असेल तर फक्त फरक वर घालतात. म्हणजे हातात पडते ती दोन्हींपैकी मोठी रक्कम. पूर्वी काही जण आधी एक आणि मग दुसरी घेण्याची शक्कल लढवत. २०१५ च्या कायद्याने ती वाट २ जानेवारी १९५४ किंवा त्यानंतर जन्मलेल्यांसाठी बंद केली. जोडीदार गेल्यावरच्या लाभाचे नियम तिथेही वेगळे आहेत. आणि दोन-तृतीयांश? ज्या सरकारी नोकरीत सोशल सिक्युरिटीची वर्गणी कापली जात नव्हती, तिची पेन्शन घेणाऱ्याला जोडीदाराच्या लाभातून त्या पेन्शनच्या दोन-तृतीयांश एवढी रक्कम वजा होई. तंतोतंत मेसेजातलं वाक्य!

यातली गंमत पुढेच आहे. ती कपात अमेरिकेनेच रद्द केली. ५ जानेवारी २०२५ रोजी त्या कायद्यावर सही झाली आणि जानेवारी २०२४ पासूनच्या रकमांना तो लागू झाला. म्हणजे न्यू जर्सीतल्या निवृत्त बाईंनाही आता न लागणारी कपात कर्वेनगरच्या आत्याला लावायला कोणीतरी निघालं होतं. कोथरूड-कर्वेनगर पट्ट्यात दर दुसऱ्या घरातला मुलगा तिकडे. कोणाच्या तरी मुलाने आईवडिलांना एखादा व्हिडिओ पाठवला असेल, कोणीतरी त्याचं मराठी केलं असेल आणि वर तिरंगा चिकटवला असेल, असा माझा अंदाज.

आता आपल्याकडचं. काकांच्या पेन्शनला लागू होतात केंद्राचे २०२१ चे निवृत्तिवेतन नियम. कुटुंब निवृत्तिवेतन त्यातल्या नियम ५० मध्ये आहे (१९७२ च्या जुन्या नियमांत तो ५४ होता, जुनी मंडळी अजून चोपन्नच म्हणतात). विधवेला किंवा विधुराला फॅमिली पेन्शन कधीपर्यंत? मृत्यू किंवा पुनर्विवाह, यातलं जे आधी होईल तोपर्यंत. संपलं. स्वतःची पेन्शन असेल तर नाही, स्वतःचा पगार असेल तर नाही, असं विधवेसाठी त्यात काही नाही. कारण सरळ आहे. स्वतःची पेन्शन तुम्ही तुमच्या नोकरीतून कमावलेली, फॅमिली पेन्शन नवऱ्याने त्याच्या नोकरीतून कमावलेली. दोन नोकऱ्या, दोन पीपीओ (पेन्शन मंजुरीचे आदेश). आत्याने गावोगावी बदल्या सोसल्या त्या काकांच्या कारखान्यासाठी नव्हे. राज्याच्या नोकरांना १९८२ चे महाराष्ट्र नागरी सेवा निवृत्तिवेतन नियम आहेत, त्यातला नियम ११६ फॅमिली पेन्शनचा.

हा एक नियम वाचला असता तरी पत्राचा कागद वाचला असता. पत्र दिलं असतं तर काय गेलं असतं? काकांचा नेमका आकडा इथे सांगत नाही, उदाहरण घ्या. शेवटचं मूळ वेतन ४४,९०० असेल तर ३० टक्क्यांनी फॅमिली पेन्शन होते १३,४७०. वर्षाला १,६१,६४०, आणि महागाई (पेन्शनवर मिळणारा महागाई भत्ता) वेगळी. एका मेसेजपायी हे सोडून द्यायचं, तेही तहहयात.

९,००० चा मुद्दा मात्र पुरता हवेतला नाही, आणि म्हणूनच तो जास्त घातक. ९,००० ही केंद्राची किमान फॅमिली पेन्शन. तेवढी रक्कम अधिक महागाई, ही उत्पन्नाची मर्यादा नियमात खरोखरच आहे. पण कोणासाठी? अवलंबून असलेल्या आईवडिलांसाठी, अविवाहित, विधवा किंवा घटस्फोटित मुलीसाठी. मूल नसलेल्या विधवेने पुनर्विवाह केला तर तिची पेन्शन चालू ठेवतानाही ती लावतात. साध्या विधवेला किंवा विधुराला ती मर्यादा नाहीच. मेसेज लिहिणाऱ्याने "अवलंबित" हा शब्द वाचला आणि बाईमाणूस म्हणजे अवलंबितच, असं स्वतःच ठरवून टाकलं. आत्या काकांच्या आधी पगार घरी आणत होती, हे त्याला कोण सांगणार?

"एकालाच एक" यातही कबूल करण्यासारखा थोडा अंश आहे, तो नाइलाजाने कबूल करते. आई आणि वडील दोघेही सरकारी नोकर आणि दोघेही गेले, तर मुलाला दोन फॅमिली पेन्शन मिळतात आणि त्यांच्या बेरजेला कमाल मर्यादा असते. २०२१ मध्ये केंद्राने ती ४५,००० वरून १,२५,००० केली. दुसरं, लष्करातून निवृत्त होऊन पुन्हा नागरी नोकरीत लागलेल्या माणसाच्या पत्नीला पूर्वी दोनपैकी एकच फॅमिली पेन्शन निवडावी लागे. पुण्यात अशी घरं पुष्कळ. ती अट २०१२ मध्ये गेली. तिसरं, नोकरीत असलेल्या विधवेला फॅमिली पेन्शनवर महागाई देत नसत, ती १८ जुलै १९९७ पासून मिळू लागली. जुन्या लोकांच्या डोक्यात हे सगळं अर्धवट बसलेलं आहे, म्हणून असा मेसेज पटकन खरा वाटतो. पण तिन्हींतलं एकही आत्याला लागू नाही.

विकलेल्या पेन्शनचा मुद्दा एका वाक्यात: फॅमिली पेन्शन शेवटच्या वेतनावर ठरते, नवऱ्याने पेन्शन विकली म्हणून त्यातून काहीही कापत नाहीत.

वसुलीबद्दल मात्र दोन शब्द जास्त, कारण वसुली खरोखर होते, फक्त दुसऱ्याच कारणाने. पेन्शनर गेल्यावर काही काळ फॅमिली पेन्शन वाढीव दराने मिळते. निवृत्तीनंतर मृत्यू झाला तर सात वर्षं किंवा तो माणूस ६७ वर्षांचा झाला असता ती तारीख, यातलं जे आधी येईल तोपर्यंत. त्यानंतर नेहमीच्या ३० टक्क्यांवर यायचं. ही तारीख पीपीओवर छापलेली असते. बँकेने ती पाहिलीच नाही आणि वाढीव दर चालू ठेवला, तर पुढे कधीतरी चूक सापडते आणि खात्यातून कापाकापी सुरू होते. माझ्या ओळखीच्या एका बाईंना हा अनुभव आला आहे. त्यामुळे घाबरायचंच असेल तर पीपीओ कपाटातून काढा आणि ती तारीख बघा. काका गेले तेव्हा ७१ वर्षांचे होते, म्हणून आत्याला वाढीव दर लागलाच नव्हता. तिथेही ती सुटली.

मेसेजात नसलेल्या, पण दोन पेन्शनवाल्यांना खरंच लागणाऱ्या दोन गोष्टी मी आत्याला वहीत लिहून दिल्या. हयातीचा दाखला दोन्ही पीपीओंसाठी वेगवेगळा द्यावा लागतो. एकदा अंगठा दिला म्हणजे दोन्हीकडे पोचला असं नाही. कदाचित मेसेजातली ३० नोव्हेंबर इथूनच उचललेली असावी, कारण दाखल्याचा महिना तोच. दुसरं, आयकर. स्वतःची पेन्शन पगार म्हणून धरतात, फॅमिली पेन्शन "इतर उत्पन्न" म्हणून. नव्या करप्रणालीत पहिलीवर ७५,००० ची प्रमाणित वजावट आहे. दुसरीवर ती नाही, तिच्यावर एक-तृतीयांश किंवा २५,००० यातली कमी रक्कम वजा होते. फॅमिली पेन्शनवर पगारासारखा कर आधी कापला जात नाही, त्यामुळे दोन्हींची बेरीज विवरणपत्रात आपणच करायची असते. आत्याचा मुलगा हे भरतो. तो दोन्ही दाखवतो की नाही, हे मी लगेच फोन करून विचारलं. दाखवतो. म्हणजे सरकारला तिच्या दोन्ही पेन्शन चार वर्षं माहीत आहेत. चोरी कसली डोंबलाची?

पत्र मी फाडलं नाही, तिनेच घडी घालून कपाटात ठेवलं. "एवढं छान अक्षर आलंय," म्हणाली. मी सांगितलेला नियम ५० चा मजकूर तिने ग्रुपवर टाकला. त्यावर एकीने अंगठ्याचं चिन्ह टाकलं, एकीने "पण बँकेतल्या साहेबांना विचारा" म्हटलं, आणि संध्याकाळी तोच मेसेज तिसऱ्याच बाईंनी पुन्हा पाठवला, तिरंग्यांसकट.

रात्री आत्याचा फोन आला. मंडळात पेटी वाजवणाऱ्या बाईंनी असंच पत्र गेल्या बुधवारी बँकेत देऊन टाकलंय. त्यांचे यजमान टपाल खात्यात होते, त्या स्वतः शाळेत. काउंटरवरच्याने पत्र घेतलं, शिक्का मारून पोच दिली, "का देताय?" असं विचारलंसुद्धा नाही. सोमवारी मी त्यांच्याबरोबर जाणार आहे. दोन्ही पीपीओंच्या प्रती, पोच आणि "पत्र मागे घेत आहे" असा अर्ज दोन प्रतींत तयार ठेवायला सांगितलाय. बँकेने पेन्शन थांबवली असेल तर केंद्राच्या पेन्शनधारकांसाठीच्या सीपेनग्राम्स पोर्टलवर तिथूनच तक्रार टाकू. अर्ज आत्या लिहून देणार आहे.