उपविजेता, पण कुठला?

जपानी फुटबॉलमध्ये जे1 लीगचा (पहिली श्रेणी) विजेता आणि एम्परर्स कप या बाद पद्धतीच्या स्पर्धेचा विजेता हंगामाच्या सुरुवातीला सुपर कपचा एकच सामना खेळतात. त्यावरच्या लेखातलं ‘दोन्ही चषक एकाच संघाने जिंकले, तर एम्परर्स कपचा उपविजेता सुपर कपला उतरतो’ हे वाक्य आता जुनं झालं. पूर्वी तसंच होतं. 2007 च्या हंगामात काशिमा अँटलर्सने लीग आणि कप दोन्ही मारले आणि 2008 चा सामना कपचा उपविजेता सानफ्रेचे हिरोशिमा खेळला. तोही नुकताच दुसऱ्या श्रेणीत ढकलला गेलेला! 2-2 नंतर पेनल्टीवर 4-3 ने जिंकलाही. आता जागा जे1 लीगच्या उपविजेत्याला मिळते. म्हणूनच 2025 मध्ये दोन्ही किताबांच्या मानकरी विसेल कोबेसमोर हिरोशिमा आला, तो लीगमधला दुसरा म्हणून, आणि 2-0 ने जिंकून गेला.

‘बरोबरी झाल्यास जादा वेळ’ हेही चूक. 90 मिनिटं संपली की थेट पेनल्टी. हंगामाच्या सुरुवातीला पाय अजून मोकळे झालेले नसतात, त्यामुळे हे बरंच म्हणायचं. 2020 च्या योकोहामा एफ. मारिनोस-कोबे सामन्यात 3-3 नंतर पहिल्या चारही पेनल्टी आत गेल्या, मग सलग नऊ हुकल्या! शेवटी यामागुचीने कोबेची सातवी मारली, निकाल 3-2. आणि लेखातल्यासारखं ‘दोन अव्वल संघ’ म्हणताना 2023 चा वेंटफोरेट कोफू विसरू नका: कप विजेता, पण जे2 या दुसऱ्या श्रेणीत अठरावा. मारिनोसकडून हरला तो 2-1 असा, जेमतेम.