टेम्पोच्या विम्याबद्दल एक स्टार देणाऱ्या ग्राहकाला आमचं उत्तर

नमस्कार दादा,

"थर्ड पार्टी अनलिमिटेड म्हणून विमा गळ्यात मारला. टेम्पोतला माणूस गेला तेव्हा कंपनीनं आधी पैसे भरले, आता तेच माझ्याकडून वसूल करतेय. एजंट कमिशन खाऊन मोकळे." हा तुमचा रिव्ह्यू वाचला. तुमचं नाव, गाडी नंबर इथे लिहिणार नाही. पण हे वाचून एखादा टेम्पोवाला थर्ड पार्टी काढायचीच नाही असं ठरवेल, म्हणून उत्तर फोनवर न देता इथेच देतोय.

अनलिमिटेड हे खरंच आहे. तुमच्या टेम्पोखाली पायी जाणारा आला, मोटारसायकलवाला किंवा समोरच्या गाडीतला कुणी दगावला, तर कोर्ट ठरवेल ती भरपाई कंपनी भरते. मर्यादा आहे ती दुसऱ्याच्या मालमत्तेच्या नुकसानीला, साडेसात लाखांची. तुमच्या केसमधले गृहस्थ मात्र रस्त्यावर नव्हते, वऱ्हाडाबरोबर हौद्यात बसले होते. मालवाहू गाडीत बसवलेल्या प्रवाशाची जबाबदारी विमा कंपनीवर येत नाही, हे सुप्रीम कोर्टानं आशा राणी प्रकरणात डिसेंबर २००२ मध्येच स्पष्ट केलंय. भाडं घेतलं नव्हतं, शेजारधर्म म्हणून नेलं, हे तुमचं म्हणणं मी खरं मानतो. पण त्यानं फरक पडत नाही.

सवलत आहे ती मालाच्या मालकाला किंवा त्यानं मालासोबत पाठवलेल्या माणसाला, १९९४ च्या दुरुस्तीपासून. मार्केट यार्डात स्वतःचा भाजीपाला घेऊन निघालेला शेतकरी त्यात बसतो. रुखवताची भांडी गाडीत होती म्हणून वऱ्हाडी मालाचे मालक, हा तुमच्या वकिलांचा मुद्दा कोर्टानं मानला नाही. खरं सांगायचं तर मलाही तो ऐकून नवल वाटलं होतं.

मग कंपनीनं आधी पैसे का भरले? कोर्टानं सांगितलं म्हणून. मयताच्या घरच्यांना मालकाच्या मागे वर्षानुवर्षं फिरायला लागू नये, यासाठी "कंपनीनं आधी द्यावेत, मग मालकाकडून वसूल करावेत" असा आदेश कोर्टं देतात. २००४ च्या बलजीत कौर प्रकरणात असंच झालं होतं. वसुलीसाठी कंपनीला वेगळा दावा लावावा लागत नाही, म्हणून नोटीस इतक्या लवकर आली. पॉलिसीच नसती तर त्या कुटुंबाची वसुली पहिल्या दिवसापासून थेट तुमच्या गाडीवर आणि जमिनीवर आली असती.

मी कंपनीची बाजू घेतोय असं वाटत असेल, तर ड्रायव्हरच्या लायसन्सचा मुद्दा आठवा. त्याच्याकडे फक्त एलएमव्ही, म्हणजे हलक्या वाहनाचं लायसन्स आहे, म्हणून कंपनी आधी तिथेही हात वर करत होती. साडेसात हजार किलोपर्यंतच्या मालवाहू गाडीला ते लायसन्स चालतं, हा सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांचा नोव्हेंबर २०२४ चा निकाल तुमच्या वकिलांना आम्हीच काढून दिला होता. तो मुद्दा तिथेच निकाली निघाला.

कमिशनचं म्हणाल तर थर्ड पार्टीचा हप्ता सरकार ठरवतं, कुठल्याही कंपनीकडे गेलात तरी तेवढाच. आणि पॉलिसी हातात देताना "हौद्यात माणूस बसवायचा नाही" हे आम्ही प्रत्येक टेम्पोमालकाला सांगतो, तुम्हालाही सांगितलं होतं. वापराच्या अटींच्या पानावर ते छापलेलंही आहे. लग्नसराईत ते कुणी मनावर घेत नाही, हा भाग वेगळा.

आता पुढचं. निकालापासून ९० दिवसांत हायकोर्टात अपील करता येतं. त्यासाठी २५ हजार किंवा रकमेच्या निम्मे, यांतलं जे कमी असेल ते भरावं लागतं. सांगलीकरांना आता मुंबई गाठायची गरज नाही, हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ पासून सुरू आहे. माझ्या मते प्रवाशाच्या मुद्द्यावर फार हाती लागणार नाही. रक्कम मात्र तपासून घ्या. भरपाई काढताना वर्षाच्या उत्पन्नाला वयानुसार ठरलेल्या आकड्यानं, म्हणजे गुणकानं, गुणतात. मयताचं वय ४६ ते ५० असेल तर गुणक १३ लागतो, ५१ झालं की ११. शाळेच्या दाखल्यावर एक वय आणि आधारवर दुसरं, असं आपल्याकडे नेहमीचंच. निकालाची सर्टिफाइड नक्कल आणि वसुलीची नोटीस घेऊन ऑफिसला या. हप्ते पाडून मागायचे असतील तर तो अर्जही वकिलांकडून त्याच वेळी करून घेऊ.