‘आधी सापाची लस द्या, मग अँथ्रॅक्सचं बोला’: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार डॉक्टरसाहेब,

जैविक दहशतवादावरच्या, म्हणजे रोगजंतू हत्यार म्हणून वापरण्यावरच्या माझ्या लेखावर तुम्ही सविस्तर लिहिलंत आणि चांगलंच खरमरीत लिहिलंत. चार ओळींत उरकण्यासारखं ते नाही, म्हणून हे वेगळं उत्तर. ज्यांनी ती प्रतिक्रिया वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. डॉक्टरांची नोकरी मराठवाड्यातल्या प्राथमिक आरोग्य केंद्रांत गेली. त्यांच्या मते हे सगळं अमेरिकेनं उभं केलेलं भूत आहे. ज्या केंद्रात रात्री सर्पदंशाची लस मिळत नाही, तिथे अँथ्रॅक्स या जीवघेण्या जंतुरोगाच्या गप्पा म्हणजे चैन. भारतात असं कधी झालेलं नाही. उद्या याच नावाखाली पोलीस लोकांच्या घरात घुसतील. आणि असलं लिहून मी माथेफिरूंना कल्पना पुरवतोय, तेव्हा लेख काढून टाकावा.

‘भारतात कधी झालेलं नाही’ इथूनच सुरुवात करू. २६ नोव्हेंबर १९३३. हावडा स्टेशनच्या गर्दीत अमरेंद्र पांडे या पाकूरच्या जमीनदार घराण्यातल्या तरुणाच्या दंडाला काहीतरी टोचलं. खादी ल्यालेला एक माणूस धक्का देऊन गर्दीत दिसेनासा झाला. ४ डिसेंबरला अमरेंद्र गेला. कलकत्त्यात तेव्हा प्लेगची साथ नव्हती, तरी त्याच्या रक्तात प्लेगचे जंतू सापडले. धागेदोरे निघाले ते थेट आपल्या मुंबईत. त्याचा सावत्र भाऊ बिनोयेंद्र आणि तारानाथ भट्टाचार्य नावाचा डॉक्टर यांनी आधी हाफकिन संस्थेकडे जंतू मागून पाहिले. तिथे परवानगीशिवाय मिळेनात, तेव्हा आर्थर रोडच्या साथरोग रुग्णालयात ओळखीपाळखीनं शिरकाव करून घेतला. हा दहशतवाद नव्हे, इस्टेटीसाठी केलेला खून, हे तुम्ही म्हणायच्या आधी मीच म्हणतो. पण प्रयोगशाळेतला जंतू हत्यार म्हणून वापरला गेला, तो इथेच आणि नव्वद वर्षांपूर्वी. कोणीतरी रक्त तपासणीला पाठवलं नसतं तर ‘तापानं गेला’ म्हणून प्रकरण मिटलं असतं.

दुसरं उदाहरण अमेरिकेतलं, पण त्यातली माणसं पुण्याहून गेलेली. कोरेगाव पार्कातून रजनीशांचा पंथ १९८१ मध्ये ओरेगनला गेला. सप्टेंबर १९८४ मध्ये जवळच्या द डॅल्स गावात लोक हगवण, ताप, पोटात मुरडा म्हणून दवाखान्यात येऊ लागले. दोन लाटा आल्या आणि मिळून ७५१ जण आजारी पडले. ४५ जणांना रुग्णालयात ठेवावं लागलं. सुदैवानं कोणी दगावलं नाही. गावातल्या दहा हॉटेलांच्या सॅलडच्या टेबलांवर साल्मोनेला हा पोट बिघडवणारा जंतू मिसळला होता. नोव्हेंबरच्या काउंटी निवडणुकीत गावकऱ्यांना मतदानाला जाताच येऊ नये, हा डाव. त्याची ही रंगीत तालीम होती.

मला यात सगळ्यात जास्त खुपतं ते पुढचं. तपास करणारे आरोग्य अधिकारी कच्चे नव्हते. सॅलड ही समान गोष्ट त्यांनी शोधली. सगळ्या हॉटेलांना माल पुरवणारा एकच पुरवठादार नाही, हेही त्यांच्या लक्षात आलं. ‘हे कोणी मुद्दाम केलं का?’ हा प्रश्न त्यांनी घेतला आणि बाजूला ठेवला. हेतू दिसत नाही, कोणी जबाबदारी घेतलेली नाही, असं पूर्वी कधी घडलेलं नाही, अशी कारणं होती. खापर फुटलं हॉटेलातल्या कामगारांवर. ते स्वतःही आजारी पडले होते, तेव्हा ‘हात न धुता वाढलं’ असा निष्कर्ष निघाला. ओरेगनचे एक खासदार जेम्स वीव्हर यांनी संसदेत संशय बोलून दाखवला, तर त्यांनाच पूर्वग्रहदूषित ठरवलं गेलं. शेवटी पंथातच फाटाफूट झाली आणि सप्टेंबर १९८५ मध्ये खुद्द रजनीशांनी पत्रकार परिषदेत आपल्या सचिव माँ आनंद शीला यांच्यावर आरोप केले. तेव्हा कुठे झडती झाली आणि कम्यूनच्या दवाखान्याच्या प्रयोगशाळेत तोच जंतू मिळाला. म्हणजे वर्ष गेलं, तेही घरचाच भेदी बोलला म्हणून.

‘असं पूर्वी कधी घडलेलं नाही’ हे कारण तिथल्या कागदांवर होतं आणि तुमच्या प्रतिक्रियेतही आहे. माझी तक्रार तेवढीच आहे.

आता पैशांचं. तुम्ही म्हणता लस आणि डॉक्टर आधी. अगदी मान्य. पण तुमचं अंदाजपत्रक आणि माझं वेगळं आहे, हे मात्र मान्य नाही. हल्ला झाला तर पहिला रुग्ण कमांडोंकडे जाणार नाही. तो तुमच्या ओपीडीत येणार, दोन दिवसांचा ताप घेऊन. मी जिल्ह्याच्या ठिकाणी सूक्ष्मजीवशास्त्राच्या प्रयोगशाळेत काम केलं आहे. शनिवारी दुपारी ब्लड कल्चरच्या, म्हणजे रक्तातले जंतू वाढवून बघायच्या बाटलीत वाढ दिसते. स्लाइड रंगवली की निळेजांभळे, लांबट, काडीसारखे जंतू. शंभरातल्या बहुतेक वेळा ते कातडीवरून किंवा हवेतून आलेले निरुपद्रवी बॅसिलस असतात. तंत्रज्ञ ‘कंटॅमिनंट’, म्हणजे बाहेरून मिसळलेला जंतू, असं लिहितो, बाटली वाफेनं निर्जंतुक करायला ऑटोक्लेव्हला जाते, तो घरी जातो. त्यात त्याचं काही चुकत नाही. पण अँथ्रॅक्ससुद्धा सूक्ष्मदर्शकाखाली साधारण असाच दिसतो. हा आजार न्युमोनियासारखा वाटत नाही, जरा थांबून पुन्हा बघा, हे सांगायला वॉर्डातून फोन यावा लागतो. आणि फोन घ्यायला कायम नेमणुकीवरचा माणूस असावा लागतो, अकरा महिन्यांच्या करारावरचा नव्हे.

ऑक्टोबर २००१ मध्ये फ्लोरिडात हेच झालं. मेंदूज्वराच्या रुग्णाच्या पाठीतल्या पाण्यात असेच जंतू दिसले. तिथल्या डॉक्टरला शंका आली, त्यानं नमुना राज्याच्या प्रयोगशाळेत पाठवला आणि दोन दिवसांत अँथ्रॅक्स नक्की झालं. टपालातून आलेल्या त्या पावडरीनं पुढे एकूण २२ जण आजारी पडले, पाच गेले. त्या डॉक्टरनं ‘कंटॅमिनंट’ म्हटलं असतं तर आकडा कुठे गेला असता, याचा अंदाज तुम्हीच करा.

आपल्याकडेही हे जमतं. मे २०१८ मध्ये कोळिकोडच्या डॉक्टरांच्या लक्षात आलं की एकाच घरात एकामागून एक सारखाच मेंदूज्वर होतोय. नमुने मणिपालला गेले, मग आपल्या पुण्याच्या एनआयव्हीनं (राष्ट्रीय विषाणू संस्थेनं) निपाह विषाणूवर शिक्कामोर्तब केलं. निपाह तिथे वटवाघळांतून आला, कोणी पाठवला नव्हता. पण पाठवला असता तरी डॉक्टरांनी याहून वेगळं काय केलं असतं? काहीच नाही.

१९९४ तुम्ही स्वतः पाहिलंत. ऑगस्टमध्ये बीड जिल्ह्यातल्या मामल्याला गाठीचा प्लेग, सप्टेंबरमध्ये सुरतेत फुफ्फुसांचा. जवळजवळ तीन दशकं देशात प्लेगची नोंद नव्हती, त्यामुळे हा नक्की प्लेगच का, यावरच महिनोन्‌महिने वाद चालला. तोवर लाखो लोक सुरत सोडून पळाले, प्लेगवरचं टेट्रासायक्लिन दुकानांतून गायब झालं, बऱ्याच खाजगी डॉक्टरांनी दवाखान्यांना कुलपं लावली, परदेशांनी विमानं थांबवली. हल्लेखोराला याहून जास्त काय हवं असतं? आणि इथे तर हल्लेखोर नव्हताच.

त्या धड्यातूनच २००४ मध्ये एकात्मिक साथरोग सर्वेक्षण सुरू झालं. एस फॉर्म आरोग्य सेविकेचा, पी फॉर्म डॉक्टरचा, एल फॉर्म प्रयोगशाळेचा. आता ते ऑनलाइन झालंय. योजना उत्तम आहे. पण दर आठवड्याला किती ठिकाणांहून डोळे मिटून ‘निरंक’ जातं, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक. का जातं, तेही ठाऊक. साथ कळवली की वरून पहिला प्रश्न ‘मदत काय पाठवू’ हा नसतो, ‘आधी का नाही कळवलं’ हा असतो. पाठोपाठ खुलासा मागवणारं पत्र. निरंक पाठवणाऱ्याला आजवर कोणी कारणे दाखवा नोटीस दिल्याचं ऐकलं नाही. माझ्या हातात असतं तर मी हे आधी उलटं केलं असतं. त्याला फार पैसाही लागत नाही.

अमेरिकेबद्दल तुम्ही म्हणता त्यात तथ्य आहे, आणि तिथलं वेडेपण मी लेखात झाकलेलं नाही. २००३ मध्ये जैविक हल्ल्याच्या भीतीनं त्यांनी देवीची लस पाच लाख आरोग्य कर्मचाऱ्यांना टोचायचं ठरवलं. चाळीस हजारसुद्धा पुढे आले नाहीत. अँथ्रॅक्सच्या वेळी पावडरीची पत्रं ज्या सिनेटला आली तिथल्या कर्मचाऱ्यांना लगोलग गोळ्या मिळाल्या, पण वॉशिंग्टनच्या ज्या ब्रेंटवुड टपाल केंद्रातून तीच पत्रं गेली तिथल्या कामगारांना ‘तुम्हाला धोका नाही’ असं सांगितलं गेलं. त्यातले दोघे मेले. आणि इतक्या खटाटोपानंतर एफबीआयचं बोट गेलं ते त्यांच्याच लष्करी प्रयोगशाळेतल्या शास्त्रज्ञाकडे. तोवर त्यानं आत्महत्या केली होती, त्यामुळे खटला झालाच नाही.

पोलिसांच्या भीतीबद्दल पुणेकराला वेगळं सांगायला नको. १८९७ मध्ये रँडच्या गोऱ्या सोजिरांनी घरं तपासली, तेव्हा लोक रुग्ण लपवू लागले. शेवट गणेशखिंड रस्त्यावर काय झाला, तो शाळेतल्या पोरालाही ठाऊक आहे. त्याच वर्षीचा साथरोग कायदा आपण २०२० मध्येही काढला. म्हणून आधी आरोग्य खातं आणि मग पोलीस, हा क्रम कायद्यात लिहिलेला असावा, एवढं मी तुमच्या बाजूनं म्हणेन. संशयाच्या पहिल्या दिवशी ‘दहशतवाद’ हा शब्द कोणी उच्चारू नये, आणि कुठल्या जमातीचं नाव तर मुळीच घेऊ नये. पण ‘मुद्दाम आहे का?’ हा रकाना साथीच्या तपासाच्या कागदावर असावा. शेवटपर्यंत रिकामा राहिला तरी चालेल.

राहता राहिला लेख काढून टाकायचा मुद्दा. द डॅल्सचा शास्त्रीय अहवालही याच भीतीनं अडला होता. कोणी नक्कल करेल म्हणून तो थांबवला गेला आणि १९९७ मध्ये छापून आला. बारा-तेरा वर्षं. त्या काळात दुसऱ्या एखाद्या गावात पाचपन्नास माणसं सॅलड खाऊन आजारी पडली असती, तर तिथल्या डॉक्टरनं कशाच्या आधारानं वेगळा विचार केला असता? जंतू कुठून मिळवला, कसा वाढवला, यातली एक ओळही माझ्या लेखात नाही, यापुढेही येणार नाही. तपास कसा चुकला आणि कसा जमला, तेवढं राहील.

१९९४ मध्ये मामल्याचे नमुने तुमच्या हातून गेले असतील, तर ते कुठल्या प्रयोगशाळेत गेले आणि उत्तर यायला किती दिवस लागले, ते जरूर लिहा. छापील अहवालांत ते मला नीटसं मिळालेलं नाही.